दीडशे फरश्या, आठ टिकल्या

९ जून २०२४

विराजला आज पकडला! तीन वर्षं पोरगा छाती काढून सांगतोय — आण्णा, आपल्या घराचा हप्ता अठरा हजार सहाशे सात, पहिल्या दिवसापासून एक रुपया वाढला नाही. मीही भोरच्या स्टँडवर चारचौघांत तेच सांगत फिरलो. मध्ये एकदा बँकेने वाढवायचा विषय काढला होता, तोही घरातल्या एका शहाण्याने मोडून काढला. नाव लिहीत नाही. स्वतःची स्तुती बरी नाही.

आज सूनबाईंना, म्हणजे प्रेरणाला, इन्कम टॅक्ससाठी कर्जाचं स्टेटमेंट हवं होतं. तिने ते मोबाईलवरून झेरॉक्सवाल्याला पाठवलं आणि मला आणायला पिटाळलं. वीस रुपये, चार पानं. आता बत्तीस वर्षं एसटीत कंडक्टर होतो मी. हिशोबाचा कागद न वाचता घडी घालेन होय? जहांगीरच्या टपरीवर बसून सगळं वाचलं.

शेवटच्या पानावर लिहिलंय — शेवटचा हप्ता, ऑगस्ट २०४९.

कर्ज घेतलं एकवीस साली. वीस वर्षांचं. म्हणजे एक्केचाळीस. मी दोनदा बेरीज केली, तिसऱ्यांदा जहांगीरकडून करून घेतली. तोही म्हणाला एक्केचाळीस. मग ही वरची साडेआठ वर्षं कुणाची?

(त्या नादात चहा दोन चमचे साखरेचा झाला. डॉक्टरांना कळवायची गरज नाही.)

१० जून

विराज रात्री जेवताना म्हणाला, "व्याजदर बदलता असतो, आण्णा. आपण घेतलं तेव्हा सात टक्के होता, आता पावणेनऊ झालाय. हप्ता तोच ठेवला, मग वर्षं वाढली."

"तुला माहीत होतं?"

"थोडंफार."

साडेआठ वर्षं म्हणजे थोडंफार! शिरवळच्या कंपनीत सुपरवायझर आहे हा. तिथे पण असंच मोजतो का, विचारलं. ताटातली भाजी इकडून तिकडे करत राहिला. प्रेरणाला हसू येत होतं, तिने पाणी प्यायचं निमित्त केलं.

झोपायच्या आधी हिशोब मांडला. अडतीस हप्ते भरले, सात लाख सात हजार. त्यातलं मूळ कर्जातून फिटलं एक लाख बत्तीस हजार. बाकी पावणेसहा लाख नुसतं व्याज. हे असंच एकोणपन्नासपर्यंत चाललं, तर चोवीस लाखांच्या कर्जाचे आम्ही त्रेसष्ट लाख सव्वीस हजार भरणार. तीनदा केला हिशोब. तीनदा तेच आलं.

आणि पोराचं वय तेव्हा साठ. कंपनी त्याला अठ्ठावन्नला घरी बसवणार. पगार बंद, हप्ता चालू. हे मात्र मला हसण्यावारी नेता येईना.

१३ जून

आज एक कल्पना सुचली. फ्लॅटमधल्या फरश्या मोजल्या. हॉल, स्वयंपाकघर, दोन खोल्या मिळून बरोबर दीडशे. चोवीस लाख भागिले दीडशे, एक फरशी सोळा हजारांची. आतापर्यंत फिटल्या आठ. प्रेरणाच्या पाकिटातल्या आठ लाल टिकल्या घेतल्या आणि दारापासून एकेका फरशीच्या कोपऱ्यात चिकटवल्या. चपलांचा स्टँड आणि त्याच्यापुढे दोन पावलं, एवढं आमचं. पुढचं सगळं बँकेचं.

बायको, मंगल, कमरेवर हात ठेवून बघत होती. म्हणाली, "आन् माज्या बांगड्या मोडून सुरवातीला सा लाख भरलं, ते कुठं गेलं?"

म्हटलं, "त्या सहा लाखांच्या भिंती समज."

"मंग माज्या भिंतीला टेकून बसू नगा."

दिवसभर टेकू दिलं नाही.

२३ जून

शुभ्राला नवा खेळ सापडलाय. टिकलीच्या फरशीवर उभी राहते आणि ओरडते, "आजोबा बँकेत पाय ठेवला, आजोबा आऊट!" नऊ वर्षांची आहे पण कर्जाचं मर्म बापापेक्षा लवकर कळलं. विराजचे साहेब आले होते, त्यांनाही तिने दारातच थांबवलं. "काका, इथपर्यंत आमचं आहे." साहेब हसले. विराजही हसला, पण उशिरा.

५ जुलै

हप्ता गेला. अठरा हजार सहाशे सातमधले घराला लागले दोन हजार ऐंशी. एका फरशीला पावणेआठ महिने! टिकलीचा आठवा तुकडा कसा कापायचा ते मंगलला विचारलं. तिने कात्री लपवून ठेवली.

१९ जुलै

विराजला हल्ली मी एकोणपन्नास साहेब म्हणतो. "एकोणपन्नास साहेब, डबा घेतला का?" "एकोणपन्नास साहेब, गाडीत हवा भरा, लांब जायचंय." तो नुसता मान हलवतो. आधी उलट उत्तर द्यायचा. पोरगा अंगाला लावून घेत नाही, हे त्याचं चांगलं आहे.

मी मात्र निवांत. पेन्शन तीन हजार अकरा. त्यात माझा चहा, पेपर, शुभ्राचा खाऊ. ना हप्ता ना व्याज. या घरात सगळ्यात श्रीमंत मीच. आणि मला कुठे एकोणपन्नास बघायचंय? मास्तरांनी शाळेत घालताना लावलेली जन्मतारीख, एक जून बासष्ट, धरली तर सत्त्याऐंशीचा होईन. माझा थांबा त्याच्या बराच अलीकडे. म्हणून साखर दोन चमचे.

११ ऑगस्ट

पासलीला जाऊन आलो, भावाकडे. भात लावून झालंय, खाचरं हिरवीगार. एसटीत कंडक्टर नवा पोरगा होता, पास दाखवला तर उभा राहून नमस्कार केला. बरं वाटलं.

परत येताना मंगल खिडकीबाहेर बघत म्हणाली, "त्याला लई चिडवू नगा आता."

"का? चिडवल्याशिवाय जागा होणार आहे का तो?"

"तुमी बोलता तवा तो काय बोलत न्हाई. का बोलत न्हाई, कदी इचारलं?"

मी म्हटलं, चूक केलेला माणूस काय बोलणार.

२ सप्टेंबर

म्हटलं पुरे झाली थट्टा, आता इलाज करू. विराजला सांगितलं, चल दोघं बँकेत जाऊ. मी सहकर्जदार आहे, माझंही नाव आहे कागदावर. हप्ता थोडा वाढवला तर किती वर्षं कमी होतात ते विचारू.

तर हा एकदम, "तुम्ही नका येऊ. मी बघतो."

"कधी बघतोस?"

"दिवाळीचा बोनस आला की. तुम्ही बँकेत जाऊ नका, आण्णा. प्लीज."

असा आवाज त्याचा दहावीच्या निकालानंतर पहिल्यांदा ऐकला. लाजतोय बिचारा. माझ्यासमोर साहेब लोकांनी त्याला चार शब्द सुनावू नयेत, एवढंच असेल.

म्हणजे मी एकट्याने जायला हवं.

७ ऑक्टोबर

बँकेत जाऊन आलो. आज लिहीत नाही.

८ ऑक्टोबर

काल जे झालं ते लिहितो. या वह्यांत चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका लिहिल्या, तेव्हा हात कधी थांबला नाही.

कर्जाच्या टेबलावर निलोफर मॅडम आहेत. भोरच्याच, त्यांच्या वडिलांना मी ओळखतो. चांगलं बोलल्या. मी ऐटीत म्हटलं, "आमच्या पोराने दुर्लक्ष केलं बघा. तुम्ही वर्षं वाढवलीत आणि त्याने बघितलं नाही."

त्या म्हणाल्या, "काका, आम्ही पत्र पाठवलं होतं. तेवीसच्या जानेवारीत. कुणाचं मत न घेता काही केलं नाही." आणि फाईल उघडून माझ्यासमोर ठेवली.

मराठीत पत्र. व्याजदर वाढला आहे. पर्याय एक — हप्ता दोन हजार चारशे अडतीस रुपयांनी वाढवणे, मुदत तीच. पर्याय दोन — हप्ता तोच, मुदत वाढेल. दोघांपैकी एका कर्जदाराने खूण करून सही करावी. दुसऱ्या पर्यायावर मोठी, ठसठशीत खूण. खाली सही. रखमाजी. 'जी'चा फराटा लांब ओढलेला. तसा फराटा जगात मी एकटाच ओढतो.

घरी येऊन तेवीसची वही काढली. अकरा जानेवारी, माझ्याच अक्षरात — "विराज कंपनीच्या ट्रेनिंगला चेन्नईला. बँकेचं पत्र आलं. फोनवर म्हणाला, तुम्हीच बघा आण्णा. हप्ता वाढवू का विचारतात! भाडेवाढ करतात का? नको म्हणून ठणकावलं, सही ठोकून आलो. पोराचे महिन्याला चोवीसशे अडतीस वाचवले."

वाचवले! तेव्हा वाढवला असता तर सगळ्या मुदतीत सव्वापाच लाखांच्या आसपास जास्त गेले असते. मी वाचवले म्हणून जाणार साडेअठरा लाख. 'मुदत वाढेल' हे दोन शब्द मी वाचले होते, आता आठवतंय. मला ती सवलत वाटली. घाई करू नका, सावकाश द्या, असं.

आणि चार महिने मी त्या पोराला एकोणपन्नास साहेब म्हणतोय.

१० ऑक्टोबर

विराजला गच्चीवर बोलावलं. म्हटलं, "सही माझी होती."

तो म्हणाला, "माहीत आहे."

"कधीपासून?"

"चेन्नईहून आलो त्या आठवड्यात कळलं."

"मग बोलला का नाहीस? एवढं ऐकून घेतलंस."

तो कठड्यावरची धूळ पुसत बसला. मग म्हणाला, "तुम्ही तेव्हा स्टँडवर सगळ्यांना सांगत होतात, पोराचे पैसे वाचवले म्हणून. रिटायर झाल्यापासून तुम्हाला इतकं खूश बघितलं नव्हतं. म्हटलं, आपण हळूच भरू जास्तीचे. मग शुभ्राची फी आली, गाडीचं काम निघालं. राहून गेलं. माझीही चूक आहेच की."

मला रडू आलं. लिहायला लाज कशाची, आलं. मंगलला सगळं माहीत होतं की काय कोण जाणे. खाली आलो तर तिने भिंतीला टेकून बसायला पाट टाकला होता.

११ ऑक्टोबर

निलोफर मॅडमना फोन केला. आता हप्ता दोन हजार नऊशे ब्याण्णवने वाढवला तर कर्ज पुन्हा एप्रिल एक्केचाळीसला संपतं. विराज म्हणाला, बोनस येऊ द्या, बघू. मी म्हटलं, बघायचं काही नाही. हिशोब मी केलाय.

१४ ऑक्टोबर

मी, विराज आणि मंगल, बँकेत तिघांनी जाऊन कागद केले. प्रत्येक ओळ मी मोठ्याने वाचली. मागे रांग लागली तरी वाचली. सही करताना विराज हळूच म्हणाला, "फराटा जरा आखूड ओढा, आण्णा." चार महिन्यांत पहिल्यांदा त्याने मला चिडवलं.

५ नोव्हेंबर

नवा हप्ता गेला. एकवीस हजार पाचशे नव्व्याण्णव. वरचे दोन हजार नऊशे ब्याण्णव माझ्या पेन्शनमधून. उरले एकोणीस रुपये.

सकाळी मंगल म्हणाली, "पेन्शन तुमी हाय तवर पुरी. मागं मला निम्मीच मिळनार. एक्केचाळीस सालापत्तर कुठं जायचं न्हाई."

तेव्हा मी अठ्ठ्याहत्तरचा असेन.

एकोणीस रुपये खिशात टाकून स्टँडवर गेलो. जहांगीरने सवयीने साखरेचा डबा उघडला होता. म्हटलं, बंद कर. आजपासून बिनसाखरेचा.