बाबांना लागलेली वगळ

बाबा, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की आता वयाने मीच तुमच्यापेक्षा मोठी आहे. तेव्हा दोन शब्द दटावून बोलले तर राग मानू नका.

तुम्हाला वगळ लागली तेव्हा मी जेमतेम पाच वर्षांची. त्या काळी घाटाचं काही खरं नव्हतं. बोगदा कधी आखडायचा, कधी ताणला जायचा. सकाळी उठून पाहावं तर ठाकुरवाडीचा डोंगर अलीकडे सरकलेला असायचा. माणसं सरावली होती, वाट वाकडी करून जायची. कर्जतहून घाट चढायला गाडीला मागून जे इंजिन लावतात, त्यावर तुम्ही फायरमन होतात. एक दिवस ताणलेल्या बोगद्यातून बाहेर पडलात, घरी आलात आणि आईला विचारलंत, “पोर कुठं हाय गं?” मी तुमच्या पुढ्यात उभी! डॉक्टर म्हणाले, हा घाटातला जुना आजार. ज्याच्यात माणसाचा जीव सगळ्यांत जास्त अडकलेला, नेमकं तेच माणूस डोळे वगळतात. आवाज तेवढा ऐकू येतो. त्या माणसातला जीव सुटला की आजार सुटतो, औषध काही नाही.

बरं, नुसतं न दिसणं असतं तरी भागलं असतं. मी दारात उभी असले की तुम्हाला तिथे भिंत दिसायची, आणि ती लागायचीही. माझ्या डोक्यावर हात ठेवायला जाल तर बोटांना गार दगड. कपाळाला टेंगूळ आलं की ओरडायचात, “आगं, बाजूला हो की!” आई हळद लावता लावता म्हणायची, “लाड करायला गेले नि कपाळमोक्ष करून आले.” धाकटा भाऊ तुमच्या खांद्यावर बसून पळसदरीला जायचा आणि मी मागून पाय ओढत. मला त्याचा असा हेवा वाटायचा! एकदा चुलीपुढे बसून रडले तर आईने फुंकणी खाली ठेवली आणि हळूच म्हणाली, “खुळे, तो दिसतोय त्यांना. यातच काय ते समज. पण त्याच्यापुढं बोलू नकोस हां.”

मग तुम्हीच युक्ती काढलीत. घाटात पुढचं इंजिन मागच्याला दिसत नाही, पण शिट्टीवर दोघांचं बोलणं चालतं. तसं तुम्ही अंगणातून दोन शिट्ट्या घालायच्या, मी तांब्या दोनदा वाजवायचा. कामावर निघताना, जेवायला बसताना, माझ्यावर चिडलात तरीसुद्धा. दिवाळीला बांगड्या आणायचात त्या मात्र दरवर्षी पाच वर्षांच्या पोरीच्या मापाच्या, कारण तुमच्या लेखी मी तेवढीच राहिले होते. आई गुपचूप कासाराकडून बदलून आणायची. एक जोड मी बदलू दिला नाही, अजून माझ्या डब्यात आहे.

आणि मग खालापूरचं स्थळ आलं. सासरे म्हणाले, “पोरगी पसंत हाय. पण वगळ रक्तात उतरती म्हणतात. बापानं भर मांडवात पोरीला बघितलं, तरच अक्षता.” तुम्ही छाती ठोकून सांगितलंत, “वगळ कवाच गेली. दिसती की मला माझी पोर!” ते ऐकून आई हसली. गेली? मग मीही तुमच्या जिवातून गेले की! लग्न मोडलं असतं तरी मला इतकं लागलं नसतं. अंगाला हळद लागली तरी मी ताट तसंच परत सारत होते.

मांडवात मी तुमच्यासमोर आले. सासरे टक लावून बघत होते. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत, खरं तर माझ्या कानाच्या जरा पलीकडे, आणि डोळ्यांत पाणी आणून म्हणालात, “किती मोठी झालीस गं! अक्षी आईवर गेलीस!” अहो बाबा! माझं नाक तुमचं, रंग तुमचा, रुंद कपाळ तुमचं. अख्खं कर्जत मला तुमची नक्कल म्हणायचं. बायका पदराआड हसल्या, सासरेही हसले, “बापाला सोताचं नाक वळखू येईना,” म्हणाले आणि अक्षता वाटायला सांगितल्या. मी हमसून हमसून रडले. सगळ्यांना वाटलं, पोरीला माहेर सुटतंय म्हणून. कन्यादानाला आईने तुमचं कोपर धरून वळवलं आणि तुम्ही नवऱ्या मुलाच्या दिसणाऱ्या हातावर अंदाजाने पाणी सोडलंत. मला हसू येत होतं, रडूही येत होतं. मी तुम्हाला दिसत नव्हते.

त्यानंतर माहेरी आले की तुमचं नाटक सुरू. आई मागून खुणा करायची आणि तुम्ही म्हणायचात, “हिरवं लुगडं शोभतंय गं.” मी लाजायचे. तुम्हा दोघांना वाटायचं, पोरीला पत्ता नाही.

हे पत्र टाकायला तुमच्याकडे पेटी नाही, आणि असती तरी मी टाकलं नसतं. आई गेली, धाकटाही गेला, म्हणून आता एक सांगते. माझ्या पहिल्या खेपेला पाचवा महिना सरत आला होता. पत्रात लिहायची लाज वाटली म्हणून स्वतःच सांगायला आले. आई नदीवर गेली होती, खूण करायला कुणी नव्हतं. तुम्ही घाईघाईने उठलात, माझ्या आवाजाकडे तोंड केलंत आणि म्हणालात, “लई बारीक झालीस गं पोरी.”

माझं पोट लुगड्यात मावत नव्हतं, बाबा. “व्हय,” मी म्हटलं, “तिकडचं पाणी मानवत नाय.” आणि मनात म्हटलं, देवा, यांना बरं करू नकोस.