दिन्याचा फोकस आणि मृगातली बाळंतखोली

१८ फेब्रुवारी
आजपण नाही दिसला. शेजारच्या दिन्याने दोन घरांमधल्या गडग्यावर फोकस लावलान. कलमांची राखण म्हणे! सगळं आभाळ ताकासारखं पांढरं. आमचा मृग त्यात बुडाला. आणि डॉक्टर म्हणतो मोतीबिंदू. मोतीबिंदू कसला, फोकस!
दिन्याला गाठलं. "झाडावर अजून मोहोर. चोर काय गजरे करायला येणार?"
"काकी, वांदर येतात."
"वांदर काळोखात झोपतात रे. तुझ्यासारखे नसतात."
हसला. दिवा तसाच.

२१ फेब्रु.
डोकं फिरलंय. मृगातले ते तीन तारे, त्यांच्याखाली राख फुंकल्यासारखा डाग. लग्न झालं तेव्हा ह्यांनी दाखवलेला. बोटीवर असायचे, महिनोन् महिने. म्हणाले, ती आभाळाची बाळंतखोली, नवे तारे तिथे जन्मतात. मी विचारलं, सुईण कोण? हसून हसून ठसका लागला ह्यांना. मग ठरलं, दिवेलागण झाली की मी अंगणातून बघायचं, ह्यांनी बोटीवरून. हे गेले तरी मी बघायची सोडली नाही. आणि आता हा मेला...

२६ फेब्रु.
परत सांगितलं. म्हणतो, "काकी, तारे काय पळून जातात?"
पळून नाही, मावळतात! पावसाच्या आधी मृग जातो तो थेट थंडीत येतो. तोवर मी असेन, लिहून देतोस?
फोकस चालूच. बघतेच आता.

७ मार्च
शिमग्याची पालखी दारात आली. गुरवाच्या कानात आधीच घातलेलं. त्याने गाऱ्हाणं घातलान, दर मागण्याला सगळ्यांचा होकार.
"देवा महाराजा, ह्या घरावर नजर ठेव."
"होय महाराजा!"
"बागा पिकू दे."
"होय महाराजा!"
"शेजारचा फोकस कायमचा विझू दे."
"होय महाराजा!"
सगळ्यात मोठ्याने कोण? दिन्या! पालखी त्याच्याच खांद्यावर. सवयीने ओरडला, मग तोंड वासलान. मी पदरात तोंड घालून...

१२ मार्च
फोकस बंद. देवाला हो म्हटलंय, जातो कुठे! अंगणात गेले. तीन तारे दिसले. खाली काहीच नाही. डोळे पुसले. तरी नाही.
गडग्यापलीकडून दिन्या, "काकी, दिसली?"
"तूच सांग."
बोट केलान. बरोबर तिथेच. "ती काय बाळंतखोली. काकांनी मलापण दाखवलेली, लहान होतो तेव्हा."
म्हणजे मेल्याला ठाऊक होतं! तरी फोकस लावलान! असा झापला, असा झापला, दम लागला मला.
मग विचारलं, "आज कशी दिसते रे?"