झोपण्याच्या पिशव्या

अंजूर, भिवंडी
१२ फेब्रुवारी २००१

ती. ताईस सा. नमस्कार,

पत्राला उशीर झाला, रागावू नकोस. माझं जेवणखाण वेळेवर आहे. तुझे गुडघे कसे आहेत?

भूजच्या भूकंपग्रस्तांसाठी परदेशातून आलेला माल आमच्या गोदामातून पुढे जातो. गेल्या आठवड्यात जाड प्लास्टिकच्या, चेनवाल्या लांब पिशव्या आल्या. लेबलावरची भाषा कुणालाच वाचता येईना. हमाल लतीफभाई एकीत शिरून आडवे झाले. "काय ऊब हाय सर! आता जेवायलाच उठवा." सगळे हसलो. मी यादीत 'झोपण्याच्या पिशव्या' लिहून दोनशे भूजच्या छावणीला रवाना केल्या. उचलायला कडेने सहा पट्टे कशाला, हे मनातही आलं नाही.

आज माल पाठवणाऱ्यांचा इंग्रजी कागद आला. त्या प्रेतं न्यायच्या पिशव्या आहेत. आत हवा जात नाही.

छावणीचा निरोप मात्र असा, की मुलं चेन डोक्यावरून ओढून छान झोपतात, आणखी पाठवा.

लतीफभाईंची पिशवी अजून माणसाच्या आकारात पडून आहे. तिची घडी कुणी घालत नाही.

घोंगड्यांचा ट्रक लगेच काढला, पण तो परवा पोचेल. छावणीचा फोन सकाळीच लागतो. आजची रात्र मध्ये आहे, ताई.

तुझा सदानंद

ता. क. उद्या आठ वाजता छावणीला फोन करून माझी चूक सांगणार आहे.