केळझरचं तोरण

संकष्टी, सेलू. चंद्रोदयाची वाट पाहत.

संध्याकाळी कॅनडातून प्रशांतचा फोन आला. टीम सारखी हरत होती म्हणून त्याला कोचपदावरून काढलं. शिकायला गेलेलं माझं पोरगं, तिकडच्या त्या हातात धरून पळायच्या फुटबॉलच्या मागे लागलं. आधी टीमला पाणी द्यायचा, मग मदतनीस झाला, यंदा कुठे मोठा कोच. आता सगळं आवरून घरी येतोय.

आणि मला पहिलं काय आठवलं? नारळाचं तोरण. तो तिकडे नोकरी गेल्याचं सांगत होता, नि मी तोरणाचा विचार करत होते.

केळझरच्या गणपतीला मीच नवस बोलले होते. माझं पोर परत येऊ दे, तोरण वाहीन. कसं येऊ दे, ते बोललेच नाही. नोकरी जावी असं थोडंच मागितलं होतं? पण त्याची टीम जिंकली की आता हा काही परत येत नाही असं वाटायचं, हेही खरंच.

हे खुशीत आहेत. "उद्याच चाल केळझरले. तोरण वाहून येऊ."

यांना फोनवरचं शेवटचं बोलणं सांगितलं नाही. प्रशांतने विचारलं, "आई, तू गणपतीले माह्यासाठी काय मागत होती वं?"

मी म्हटलं, "तुही टीम जिंकू दे म्हणून."



"मंग मीच कमी पडलो, आई."