तिसरा पुकारा

अब्बा, तुम्ही गेल्यावर चौथ्या महिन्यात मी भर कोर्टात तुम्हाला नावानं पुकारलं, हे अम्मीनं तिकडं भेटल्याबरोबर तुम्हाला सांगितलं असेलच. हयातभर तिनं ती तक्रार सांभाळून ठेवली होती. माझी बाजू तिनं नीट मांडली असेल असं मात्र वाटत नाही, म्हणून हे लिहितोय.

तुमची चपराशाची जागा मला मिळाली ती मेहेरबानीवर. अनुकंपा हा शब्द नंतरच्या काळातला. तेव्हा हेडक्लार्क सरळ "मयताच्या जागी" म्हणायचे आणि मला बघून जीभ चावायचे. हुकूम सहा महिन्यांचा, तात्पुरता. पुढचं सगळं मुन्सफसाहेबांच्या शेऱ्यावर. घरात अम्मी, दोन बहिणी आणि तुमचा तो खाकी कोट, ज्याच्या बाह्या मी दोनदा दुमडून घालायचो. शेरा वाईट आला असता तर आम्हाला बेंबळीला मामूंच्या दारात जाऊन राहावं लागलं असतं, आणि मामू कसे होते ते तुम्हाला माहीत आहे.

पुकाऱ्याचं शिक्षण तुमचंच. जेवतानासुद्धा सांगायचात, आवाज पोटातून काढ, पक्षकार बाजारात बसला असला तरी त्याच्या हातातली भजी खाली पडली पाहिजेत. पहिल्या दोन हाका सवयीच्या. तिसरी सगळ्यात मोठी, कारण तिच्यानंतर माणूस गैरहजर. पाटील असो की सावकार, तुम्ही नुसत्या नावानं पुकारायचात, आणि तेवढ्यापुरते सगळ्यांपेक्षा मोठे असायचात.

त्या दिवशी आपल्या गल्लीतल्या भिंतीचा दावा निघाला. शेजारी म्हणून साक्षीदारांच्या यादीत तुमचं नाव होतं. माझ्या हुकमात तुम्ही मयत, दाव्यात जिवंत, आणि दोन्ही कागद एकाच कपाटात. मुन्सफसाहेब पुण्याकडचे, नवे. त्यांनी यादी वाचली आणि पुकारा म्हणाले. मी व्हरांड्यात गेलो. बापाचं नाव काही तोंडातून निघेना. शेवटी पोटातून आवाज काढला, "आमचे अब्बा हाजिर हैऽऽ?"

व्हरांडा हसला, वकील हसले. साहेब हसले नाहीत. मला आत बोलावून म्हणाले, हा कोर्टाचा अवमान आहे, आजच तसा कागद करतो. माझ्या डोळ्यांपुढं बेंबळी आली.

मी हात जोडले. "साहेब, त्ये माझे वडील हायत. वारले. त्यांच्याच जागी मी हाय. बापाला नावानं कसं बोलवू?"

साहेबांनी चष्मा काढून पुसला. आवाज खाली आला, पण कायदा जागेवरच राहिला. वारल्याचा दाखला दाव्यात नाही, तेव्हा पुकारा व्हायलाच हवा, आणि तोही नावानंच. "मेलेल्या माणसालासुद्धा तीन हाका मिळाल्या पाहिजेत," म्हणाले.

इकडं अदालतीची बेअदबी, तिकडं तुमची. मी तुमचं नाव घेतलं, जे इथं लिहायलाही हात धजत नाही, आणि त्याला पुढं "साहेब" जोडलं. त्या व्हरांड्यात चपराशाला साहेब म्हणून पुकारल्याचं मी तरी कधी ऐकलं नव्हतं. मुन्सफसाहेबांनी ते चालवून घेतलं. तीन हाका झाल्या, कारकुनानं तुम्हाला गैरहजर लिहिलं, आणि दोन महिन्यांनी माझा शेराही चांगला आला. त्याच जागेवरून मी पेन्शनीत निघालो.

अम्मीला त्याच संध्याकाळी गल्लीतून कळलं. "बाप को नाम लेके पुकारा?" एवढंच म्हणाली आणि तीन दिवस माझ्याशी बोलली नाही. तुम्हाला साहेब म्हटलं होतं, हे मी सांगितलं, पण त्यानं काही फरक पडला नाही.

हे पत्र टाकणार कुठं? तुमच्या कोटाच्या खिशात ठेवतो. एक गोष्ट मात्र अम्मीलाही कधी सांगितली नाही. पहिल्या हाकेला मी उगाच फाटकाकडं बघितलं. दुसऱ्या हाकेला खरंच वाटलं की तुम्ही याल, उशीर झाला म्हणून घाईघाईनं, टोपी सारखी करत. आणि मग आठवलं, की तुम्ही आलात तर जागा तुमची.

अब्बा, तिसरी हाक मी हळू मारली.