आईचा चुकलेला सूर

आई, तुझ्या पायांवर डोकं ठेवतो.

तापात झोपलो तो अजून स्वप्नातच आहे, पण बरा आहे. आपला लामांचा कळप चरायला कोण नेतं गं?

इथे जे गुणगुणावं, ते त्या सुरांच्या थरथरीतून समोर येतं. मक्याचं सूप गुणगुणलं की वाटी हातात. पोटभर जेवतो.

तुझी अंगाई गुणगुणली की आपलं घरही उभं राहतं. दारात तूच असतेस, पण ती आई अगदी सुरात गाते. "आता कुठे जायचंय तुला?" म्हणते आणि कडी लावते.

तू तिसऱ्या ओळीत नेहमी घसरतेस. मला तसं घसरायला काही केल्या जमत नाही, म्हणून इथे खरी तू येत नाहीस.

माझ्या उशाशी बसून एकदा गा ना. चुकूनसुद्धा नीट गाऊ नकोस.

तुझा, अजून न उठलेला,
एलाडियो