पीठ सभेनंतर मिळेल

आई,

गिरणी आज दिवसभर बंद ठेवली. घसा बसलाय आणि डोकं अजून तापलेलंच आहे. तू असतीस तर विचारलं असतंस, सभा काल झाली, मग आज बंद कशापायी? तुझ्या लेखी गिरणी बंद ठेवायला एकच कारण असायचं. मोटार जळाली तरी तू मेकॅनिकला दारात बसवून घेऊन दुरुस्त करून घ्यायचीस, आणि ग्रामसभेच्या दिवशी मात्र चांगली चालती मोटार बंद करून मोकळी व्हायचीस. तेव्हा मला तुझा राग यायचा. आता गावाचा येतो, आणि तो काढायला घरात कुणी नाही, म्हणून तुझ्यावर काढतेय.

पेपर तुळजापूरहून दुपारच्या एसटीनं यायचा. कंडक्टर खिडकीतूनच गठ्ठा फेकायचा आणि मी पळत जाऊन आणायची. तू सातवी शिकलेली, भुवयांवर पीठ. पदरानं चष्मा पुसून तू मोटार थांबवायचीस, आणि जी एकदम शांतता व्हायची तिच्यात बायका आपोआप खाली बसायच्या. रांगेत डबे उभे असायचे, बायांनी उभं राहायचं काम नव्हतं, हा तुझाच नियम. मग वाचन. आधी तालुक्याचं, मग जिल्ह्याचं. मुंबई-दिल्ली शेवटी, आणि तेही वेळ उरला तर. वाचून झालं की एकेकीला विचारायचीस, तुला काय वाटतं? एखादी पदर तोंडाला लावून म्हणायची, मला अडाणी बाईला काय कळतंय. की तुझं डोकं फिरलंच. "जोंधळा किडका हाय का न्हाय ते हातात घेतल्याबरोबर कळतंय ना तुला? मग हे बी कळतंय. बोल." आणि ती बोलायची. चुकीचं बोलायची, शेजारणीचं ऐकून मत फिरवायची, दुसरीशी कचाकचा भांडायची, पण बोलायची. गावातल्या पुरुषांना बोलायला पार होता, चहाचं हॉटेल होतं, देवळाचा कट्टा होता. बायांना तुझी गिरणी होती. तिथं दळण यायचं म्हणून कुणी घरी अडवूही शकत नव्हतं.

आणि सभेचा तो तुझा प्रकार! सकाळपासून आलेलं सगळं दळायचीस आणि कुणालाच द्यायची नाहीस. खडूनं दारावर लिहायचीस, पीठ सभेनंतर मिळेल. मग भरलेले डबे हातगाडीवर लादून तू आणि बाबा शाळेच्या मैदानात न्यायचात आणि कडुलिंबाखाली ओळीनं मांडायचात. आपल्या घरचा डबा पहिला. गावभर बोंब व्हायची. पुरुष म्हणायचे भाकरी कधी थापायची, ग्रामसेवक म्हणायचे ही सभा आहे का रेशनचं दुकान. तू आपली डबे मांडत राहायचीस. बायका डबा न्यायला यायच्या आणि सभा संपेपर्यंत डबा हलत नाही म्हटल्यावर बसायच्या. बसल्या की ऐकायच्या आणि ऐकलं की हळूहळू बोलायला लागायच्या. हातगाडी ढकलायला मला लाज वाटायची. वर्गातल्या पोरी हसतील म्हणून मी एकदा रडून गोंधळ घातला, तर तू म्हणालीस, "हसू दे. हसायला तर हसायला, येतील तरी." असं कुणी लेकीचं समाधान करतं का, आई?

मागच्या गल्लीतली एक बाळंतीण नळदुर्गच्या वाटेवर बैलगाडीतच गेली, त्याच्या पुढच्या सभेत आपल्या गिरणीशेजारच्या उपकेंद्राचा ठराव झाला. दोन खोल्या, एक नर्सबाई. मैदानात पुरुषांपेक्षा बायका जास्त होत्या आणि सगळ्यांचे हात वर. मी तेव्हा असेन पाचवीत. मला शंका आली ती मी तिथंच शेजारच्या काकूंना मोठ्यानं विचारली, "काकू, तुम्ही पिठासाठी आलात का सभेसाठी?" तू माझा दंड असा धरलास की दोन दिवस वळ होता. "ते विचारायचं न्हाय. आली ना ती? मग गप बस." चारचौघांत बोललीस. मला वाटलं, तुझी चोरी मी पकडली म्हणून तू चिडलीस. पुष्कळ वर्षं असंच वाटत होतं.

आता इकडचं ऐक. जिल्ह्याचं नाव बदललं, उस्मानाबादचं धाराशिव झालं. गिरणीशेजारी मी डंक बसवलाय, मिरची-मसाला कुटायला. दळण फारसं येत नाही, कारण घरोघरी घरघंट्या आल्या. कपाटाएवढं यंत्र, बाई घरातच दळते आणि घरातच राहते. पेपर अजून येतो. मी मोटार बंद करून वाचायला घेतला तर समोर बसायला कुणी नसतं. गाव सगळं मोबाईलवरच्या ग्रुपमध्ये आहे. ग्रुप म्हणजे काय ते तुला कसं सांगू? समज, अख्खं गाव एका खोलीत आहे, सगळे एकदम बोलतायत आणि ऐकत कुणीच नाही. सकाळी सगळ्यांना फुलं, दुपारी कुठल्या तरी टीव्हीवरच्या वादाचे तुकडे, संध्याकाळी भांडण. जिल्ह्याच्या नावावरून इतके दिवस इतकं भांडले की चुलतभावांनी एकमेकांचं हळदीचं जेवण सोडलं. शेवटी ग्रुप चालवणाऱ्या पोरांनी सगळ्यांची तोंडं बंद केली. आता फक्त तीच चार पोरं लिहू शकतात. बाकीच्यांनी खाली नुसती चित्रं चिकटवायची, हसरं तोंड, लाल रागीट तोंड, बदाम. लोक त्यात खूश आहेत. मला सांग, बोलायची बंदी झाली म्हणून कुणी खूश होतं?

तर या ग्रुपवर ग्रामसभेच्या नोटिशीचा फोटो आला, आडवा. मान वाकडी करून मी वाचला. चौथा विषय, उपकेंद्राची नवीन इमारत हमरस्त्यावर फाट्याला बांधणे आणि जुनं उपकेंद्र बंद करणे. फाटा तुला माहीत आहे. तिथं ढाबे, ट्रक, आणि सावलीला एक झाड नाही. रस्त्याला गाडी पटकन लागते हे त्यांचं म्हणणं, आणि ते अगदीच खोटं नाही. पण गावातून फाट्यापर्यंत पोटुशी बाई कशी जाणार, ते नोटिशीत नव्हतं. शेजारी कुणाचे गाळे उठणार आहेत तेही नव्हतं, ते सगळ्यांना माहीतच होतं. माझी सून आठव्या महिन्यात आहे, आई. पोरगा पुण्याला कंपनीत. ह्यांना अंधार पडला की दिसत नाही. मला सांग, मी गप्प कशी बसू?

मी घरोघर गेले. जिथं जावं तिथं एकच, "काकू, आमी लाल तोंड टाकलंय की." अहो पण सभेला चला. "आता कशाला? दोनशेच्या वर लाल तोंडं पडलीत, पडला ठराव." त्यांना खरंच वाटत होतं की ते मत आहे! शाळा शिकलेली माणसं, मास्तरसुद्धा. सभेला मोजकी डोकी आली, गणपूर्ती झाली नाही, सभा तहकूब. आणि ग्रुपवर काय आलं असेल? फटाके. पोरांनी लिहिलं, गावकऱ्यांच्या एकजुटीनं ठराव हाणून पाडला. खाली बदामांची रांग. मी कपाळावर हात मारला. तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही हे तू गिरणीत शंभरदा ओरडून सांगायचीस. जे येतील तेच ठरवतील, मग पाच येवोत. ज्यांना ठराव हवा होता त्यांना हे चांगलं माहीत होतं, ते घरी शांत झोपले. मला हे ग्रुपवर लिहायचं होतं, पण लिहायची बंदी. त्या पोरांतल्या एकाला घरी जाऊन सांगितलं, बाबा हे टाक. तो म्हणाला, काकू, लई मोठं हाय, लोक वाचत न्हाईत, थोडक्यात सांगा. थोडक्यात! गावाच्या बाळंतिणी थोडक्यात सांगा म्हणे.

मग मला तुझी हातगाडी आठवली. पण पीठ अडवून कुणाचं अडणार होतं? घरघंट्या आहेत. अडणार होतं ते तिखट. उन्हाळा आहे, वर्षाचं काळं तिखट सगळ्यांनी याच दिवसांत डंकावर आणलं होतं, आणि काळं तिखट काही घरघंटीत होत नाही. भाजलेली मिरची, खोबरं, धने, प्रत्येकीच्या घरचा अंदाज वेगळा, वास वेगळा. मी सगळं कुटलं, डब्यांवर चिठ्ठ्या लावल्या आणि दारावर खडूनं लिहिलं. 'पीठ'च्या जागी 'तिखट', बाकी वाक्य तुझंच. आपल्या घरचा डबा पहिला. ग्रुपवर लगेच दाराचा फोटो आणि खाली लाल तोंडं, या वेळी माझ्या नावाची. एक तर थेट डंकावर येऊन म्हणाली, ही दादागिरी हाय काकू. म्हटलं, व्हय, हाय. उद्या या, मैदानात.

सुनेला मी सांगून ठेवलं होतं, ऊन आहे, तू येऊ नको. ह्यांनी आणि मी हातगाडी ढकलत नेली. या वयात लाज कसली, दमच लागला. कडुलिंबाखाली डबे मांडले आणि मैदानभर तिखटाचा वास. बायका आल्या, शिंकत आल्या, शिव्या देत आल्या. सभा संपेपर्यंत डबा हलणार नाही म्हटल्यावर पदर नाकाला लावून बसल्या. सरपंचबाई खुर्चीत होत्या आणि त्यांचे मालक बोलत होते. चौथा विषय आला तेव्हा मालक म्हणाले, फाट्याला गाडी लागते, सगळ्यांची सोय आहे, मंजूर समजायचं का? बायका नुसत्या डब्यांकडं बघत बसल्या. माझा घसा तोवर गेला होता. घरोघर ओरडून ओरडून नेमक्या वेळी आवाज फुटेना. काय वाटलं असेल मला, तूच विचार कर.

तेव्हा मागून सून उठली. डोक्यावर ओला टॉवेल घेऊन कधी येऊन बसली होती देव जाणे. जी पोरगी जेवतानाही मोबाईल सोडत नाही ती, एक हात कमरेवर ठेवून उभी. म्हणाली, "मला रात्री कळा सुरू झाल्या, तर फाट्यापर्यंत कोण नेणार? एक नाव सांगा आणि ठरावात लिहून घ्या." एवढंच. ओरडली नाही. मालकांनी इकडं तिकडं बघितलं, म्हणाले, कुणीही नेईल की, गाव आहे आपलं. ती म्हणाली, कुणीही नको, नाव पाहिजे. मग माझ्यामागची एक म्हणाली, व्हय, नाव सांगा. मग दुसरी. जिनं मला दादागिरी म्हटलं होतं ती तर उभीच राहिली. कुणाचंच नाव निघालं नाही. सरपंचबाईंनी पहिल्यांदाच मालकांकडं न बघता ग्रामसेवकांना सांगितलं, आहे त्याच जागेवर बांधायचं लिहा. हात वर झाले. मी मोजले नाहीत, पण तुझ्या वेळचं मैदान आठवलं.

तुला वाटेल, मग आता चिडायचं काय राहिलं? हेच. घरी पोचेपर्यंत सुनेचा व्हिडिओ ग्रुपवर. नुसता तिचा प्रश्न, पुढचं काही नाही. ठराव काय झाला ते कुणालाच ठाऊक नाही, जे आले नव्हते ते मलाच विचारतायत, काकू, गेलं का उपकेंद्र फाट्याला? आणि गावात चर्चा कशाची, तर सासूनं आठव्या महिन्यात सुनेला उन्हात उभं केलं याची. काय करावं या माणसांचं, तू सांग.

हे सगळं मी खरं तर ग्रुपवाल्यांना झाडायला म्हणून लिहायला घेतलं होतं. त्या पोराच्या हातात देणार होते, टाक म्हणून, लई मोठं झालं तरी टाक. वर 'आई' कधी लिहिलं गेलं, कळलं नाही. आता त्याला देण्यात अर्थ नाही, आणि तुला पाठवायची सोय नाही. डंकाच्या फळीवर ठेवून देते, मिरचीचा खकाणा बसेल त्याच्यावर.

एक राहिलं. सभा संपल्यावर सुनेनं आपला डबा उचलला आणि माझ्याबरोबर चालत घरी आली. काल आली, आज दिवसभर समोर आहे, मोबाईल बघतेय. ती कशासाठी आली होती हे मी तिला विचारलेलं नाही. घरातलं तिखट संपलं होतं, हे मला माहीत आहे. दोनदा तोंडापर्यंत आलं आणि मी पाणी प्यायले. ती "तिखटासाठी" म्हणाली असती, तर मला सहन झालं नसतं, म्हणून. त्या दिवशी माझा दंड धरलास तेव्हा तूसुद्धा घाबरलीच होतीस ना, आई?